नाटकातून तू तेवढा निसटला, गजू

गजू, तू जाऊन आठ दिवस झाले अन् आठ दिवसांपासून मी तुझ्याशी भांडून राह्यलो. तू उत्तर देत नाही, ते तुझं जुनंच आहे. जिता होता तेव्हा बी माझ्यासमोर चूप बसायचा अन् मग खोलीत जाऊन वहीत उत्तर लिहायचा. माझी वाक्यं बी तूच लिहायचा अन् तुझी बी. मग भांडण तूच जिंकणार, दुसरं काय होणार?

तुझ्या शाळेतून शिकून गेलेले पोट्टे तेरवीच्या दिवशी तुझ्या नावाचं पुस्तक काढून राह्यले. तुझी मनीषा वही घेऊन माझ्यापाशी आली. म्हणे, "मोठेबाबा, तुम्ही नुसतं बोला, मी लिहून घेते. मग थोडं नीट करते."

मी म्हटलं, "नीट कायले करतं? तुह्या बापानं जनमभर माह्यं बोलणं नीट केलं. पेन ठेव अन् जाय."

म्हणून मीच लिहून राह्यलो. चौथीनंतर एवढं सलग कधी लिहिलं नाही. पहिलं पान दोन दिवस चाललं. मनीषाले सांगून ठेवलं, काना-मात्रा चुकली असन तं दुरुस्त कर, पण वाक्य जागचं हलवायचं नाही. अन् खोडायचं तं बिलकुल नाही.

बाकीच्यांचे लेख तिनं मले वाचून दाखवले. सगळ्यांनी एकच लिहिलं. सरांना माणसाचं मन कळायचं. घरातली गुंतागुंत सरांसारखी कोणी मांडली नाही. एकानं तं लिहिलं का सरांची नाटकं पाहून आमच्या घरातलं भांडण मिटलं. मले हासू आलं. आपल्या घरातलं तं मिटलं नाही, गजू. तुझी सगळी गुंतागुंत आपल्याच घरातली होती. तू ती सोडवायले कधी बसला नाही, नुसती उतरवून घेत गेला.

मले ते अजून डोळ्यापुढं दिसते. मायचं अन् तुझ्या वहिनीचं लोणच्याच्या बरणीवरून जुंपलं होतं. बरणीचं झाकण उघडं कोणी ठेवलं, एवढंच. पण बोलता बोलता लग्नातल्या मानापानापर्यंत गेल्या दोघी. अन् तू दारात उभा, हातात वही. मधातच म्हणतो कसा, "माय, आत्ता काय म्हणाली तू? ते परत एकडाव म्हण."

माय म्हणाली, "इथं आग लागली अन् तू काय लिहून राह्यला रे भैताडा?"

ते बी तू लिहून घेतलं.

पण मायची गोष्ट वेगळी, ती हासायची. मले राग कशाचा होता ते सांगतो. नाटक लिहून झालं का तू गोठ्यात यायचा. मी बैलाले कुटार टाकत असलो, दूध काढत असलो तरी तू वाचत राहायचा. मी म्हणायचो, हे खोटं आहे. एका नाटकात तुझी सासू सुनेले म्हणे, "तू माझ्या मुलाला माझ्यापासून तोडलंस!" मी म्हटलं, "अबे, असं कोणतीच सासू म्हणत नाही. सासू जेवतानी म्हणते, आजकाल या घरात मीठ महाग झालं वाटते. अन् पोरगा खाली मान घालून जेवत राह्यते. तिथंच तुटते ते." तू माझ्याकडं पाह्यलं अन् तिथंच उभ्या उभ्या खोडून लिहिलं. त्या वाक्याले बायांनी पदर तोंडाले लावले होते. अशी किती वाक्यं माझी गेली तुझ्या वहीत? मी मोजली नाही. पण नाटकाच्या परचीवर लेखक गजानन सर, दिग्दर्शक गजानन सर, अन् माझं नाव खाली, मोठ्या भावाचं काम करणारा म्हणून. मी एकडाव बोललो बी. तू म्हणाला, "दादा, लेखक तो असते जो लिहिते." मी म्हटलं, "अन् बोलते तो?" तू म्हणाला, "तो नट." हासून म्हणाला होता. मले नाही आलं हासू.

ज्यांनी आपली नाटकं पाह्यली नाही त्यांच्यासाठी एक सांगून ठेवतो. आपल्या गावात नवरात्राचं नाटक दिवसा व्हायचं. विजेच्या लाइनीचा भरवसा नव्हता, म्हणून चार वाजता शाळेच्या पटांगणात पडदा उघडायचा. उन्हात सगळे चेहरे दिसायचे. स्टेजवरच्या माणसाले लोकं जेवढे दिसत, तेवढे तं लोकायले बी आम्ही दिसत नसू. अन् मले पाठ होत नसे. तू वाचून दाखवलं तेवढं कानावरून बसायचं, ते बी अर्धं. बाकीचं तू विंगेत पडद्याच्या मागं उभा राहून हळू आवाजात पुरवायचा. तू म्हणायचा का मी बोलायचो. मधात डोकं चालवायचं नाही, असं तूच पहिल्या वर्षी ठरवून दिलं होतं. पंधरा वर्षं मी तुझ्या तोंडाकडं कान लावून उभा राह्यलो. चौथी शिकलेल्या माणसानं धाकट्या भावावर याच्याहून जास्त भरोसा काय टाकायचा?

आता मायचं लिहितो. कोणी सुमीचं नाव पुस्तकात घेतलं नाही, म्हणून मीच घेतो. सुमी म्हणजे सुमन, आपली बहीण, पुसदले दिलेली. माझ्याहून सहा वर्षांनी लहान, तुझ्याहून दोन वर्षांनी मोठी.

माय गेली ती वैशाखात, सकाळी सकाळी. त्याच्या महिनाभर आधी सुमी येऊन गेली होती अन् जातानी चार बायांमधे बोलली होती का दादानं मायले दवाखान्यात न्यायले उशीर केला. मी वावरातून आलो तं मले रस्त्यातच दुसऱ्यानं ते सांगितलं. मले ते लागलं. मायचं हागणं-मुतणं तुझ्या वहिनीनं अन् मी केलं होतं. तेव्हापासून सुमीशी मी बोललो नाही. माय गेली तेव्हा बी मी तिले कळवलं नाही, तू कळवलं. कळवलं ते बरं केलं. मग किराणा दुकानातल्या फोनवर तिचा निरोप आला. तूच घेतला. तू येऊन माझ्या कानाशी म्हणाला, "दादा, सुमी निघाली म्हणते. थांबा म्हणते."

मी म्हटलं, "निघाली तं निघाली."

तू काही बोलला नाही, गजू. एक शब्द नाही. म्हातारे म्हणत होते ऊन फार आहे, लवकर न्या, ते खरंच होतं. पण चार वाजेपर्यंत मायले सावलीत ठेवता आलं असतं. मी "उचला" म्हटलं अन् समोरच्या उजव्या बाजूनं खांदा तू दिला. हे मी आज छापून टाकतो. समोरून उजवी बाजू तुझी होती, डावी माझी.

सुमी यवतमाळले गाडी बदलून चार वाजता आली. आम्ही आंघोळी करून ओलेत्यानंच अंगणात बसलो होतो. तिच्या हातात पिशवी होती. मायले नेसवायले लुगडं आणलं होतं, लेकीचं लुगडं लागते म्हणून. ती दारात उभी राह्यली अन् म्हणाली, "आता हे कोणाले नेसवू?"

मी उठून आत गेलो. तू तिच्यापाशी गेला. झालं, तेव्हापासून तू चांगला अन् मी वाईट. दर राखीले ती तुझ्याकडं येत राह्यली. आपली भिंत एक, अंगण एक. ती तुझ्या दारातून आत जायची अन् तुझ्याच दारातून बाहेर. माझा हात इतकी वर्षं मोकळा राह्यला. मी बी म्हटलं, राहू दे.

मग त्याच्या चार वर्षांनी तू ते नाटक लिहिलं. गोठ्यात वाचलं नाही, हे माझ्या तेव्हाच ध्यानात यायले पाहिजे होतं. तालमीतच पहिल्यांदा ऐकलं. मोठा भाऊ, बहीण, मेलेली माय. मोठा भाऊ बहिणीची वाट न पाहता मायले घेऊन जाते. मी तिसऱ्या दिवशी तुले म्हटलं, "हे आपलंच आहे." तू म्हणाला, "घरोघर असंच असते, दादा." मी म्हटलं, "मग याच्यातला धाकटा भाऊ कुठं आहे?" तू म्हणाला, "पात्रं जास्त झाली असती."

पात्रं जास्त झाली असती! आजवर मी त्या उत्तरावर दात खातो. दुकानदार घातला, भजनी बुवा घातला, हासवाले एक दारुड्या घातला. तुले तेवढी जागा नव्हती.

मी काम सोडून द्याले पाहिजे होतं. पण सोडलं असतं तं गाव माझ्याबद्दल म्हणालं असतं, बापूले लागलं. म्हणून केलं. अन् तुझ्या वहीत शेवट माझ्या मनासारखा होता. बहीण जाब विचारते, मोठा भाऊ म्हणते, "मी कोणाची वाट पाहात नाही," अन् पडदा. मले वाटलं, ठीक आहे, निदान खोटं लिहिलं नाही.

त्या दिवशी ऊन चांगलं होतं. शेवटचा परवेश आला. बहिणीचं काम करणारी अंगणवाडीतली बाई जाब विचारून झाली. मी कान विंगेकडं दिला. तू म्हणाला, "थांबायले पाहिजे होतं मी." मी बोललो. तू म्हणाला, "माय माझ्या एकट्याची नव्हती." मी बोललो. बोलतानी समोर नजर गेली तं बायांच्या बाजूले तिसऱ्या ओळीत सुमी बसलेली. तूच बोलावली होती. अन् तू विंगेतून म्हणाला, "चुकलं माझं."

अंगणवाडीच्या बाईनं माझे पाय धरले. तिले माहीत होतं. पेटीवाल्याले माहीत होतं, पडदा ओढणाऱ्याले माहीत होतं. माहीत नव्हतं ते मलेच. सगळं पटांगण रडलं अन् मग टाळ्या.

तू समजत राह्यला का तू माझ्या तोंडून ते काढून घेतलं. आता एक ऐक, तुले कधी सांगितलं नाही. पहिलं वाक्य तुझं होतं, दुसरं बी तुझं. तिसरं बोलायच्या आधी मले सगळं समजलं होतं. मी चूप राहू शकत होतो. वहीतलं जुनं वाक्य म्हणू शकत होतो. मी सुमीकडं पाहून बोललो.

तासाभरानं ती माझ्या दारात आली. चार वर्षांत पहिल्यांदा माझ्या दारात. पदर सावरून म्हणाली, "दादा."

मागं तू उभा होता, नाटक पास झाल्यासारखा चेहरा करून. तो चेहरा मी पाह्यला अन् माझं डोकं फिरलं. मी तिले म्हटलं, "ते नाटक होतं. लिहिलेलं बोललो. घरी जाय."

तुझ्या वहिनीनं त्या दिवशी मले जेवाले वाढलं नाही. माझंच चुकलं ते, मी नाही कुठं म्हणतो? पण तो चेहरा घेऊन तू मागं उभा कायले राह्यला, गजू? बहिणीले एकटी येऊ द्याची होती. तुले शेवट पाहाचा होता. आपल्या हातानं लिहिलेला शेवट बरोबर लागला का नाही, ते पाहाचं होतं तुले.

त्यानंतर तू मले काम दिलं नाही अन् मी मागितलं नाही. पण तुझी नाटकं त्यानंतर पडली, हे या पुस्तकात कोणी लिहिलं नाही, मी लिहितो. तुझ्या सासवा पुन्हा पुस्तकासारख्या बोलायले लागल्या.

गेल्या महिन्यात तू बाजेवर पडल्या पडल्या म्हणाला, "दादा, आता तरी सुमीशी बोल." मी म्हटलं, "बोललो ना टाळ्या पडेपर्यंत." तू भिंतीकडं तोंड केलं. आपलं शेवटचं बोलणं ते. मले वाटलं होतं अजून भांडाले दिवस आहेत.

तू गेला त्या दिवशी सुमीचा निरोप मनीषानं घेतला. ती निघाली होती. लोकं म्हणाले, दिवस बुडन, उचला. मी तुझ्या डोक्याशी खुर्ची टाकली अन् बसलो. सरपंच येऊन बोलला, तुझा साळा बोलला, एक म्हातारा माझ्यावर ओरडला बी. मी म्हटलं, "ज्याले घाई आहे त्यानं घरी जावं. गजू कुठं जात नाही." साडेपाच वाजता आली ती. तुझा चेहरा पाह्यला, गालावरून हात फिरवला, गंज वेळ बसली. माझ्याकडं पाह्यलं नाही. तुले वाटन दादानं तुझ्यासाठी केलं. तुझ्यासाठी नाही केलं.

इथवर काल लिहिलं होतं. आज सकाळचं लिहितो अन् थांबतो.

सुमी तेरवी होईपर्यंत इथंच आहे, तुझ्या घरात. मग पुसदले जाणार. ती सत्तरीच्या घरात, मी पंच्याहत्तरीच्या. तू गेल्यावर तिले इकडं यायले कारण राह्यलं नाही. म्हणजे राह्यले ते चारच दिवस. हा हिशोब मी रोज करून राह्यलो होतो, अन् रोज तिच्यासमोरून मुकाट्यानं जाऊन राह्यलो होतो.

आज ती तुझ्या ओसरीत तेरवीचे तांदूळ निवडत बसली होती. घरात दुसरं कोणी नव्हतं. मी गेलो. बसलो नाही, उभाच राह्यलो. म्हटलं, "सुमे, मायच्या वेळेस मी थांबलो नाही. चुकलं माझं."

गजू, तुझ्या नाटकात बहीण पाय धरते अन् लोकं रडते. सुमीनं सुपातला एक खडा काढला, बाजूले टाकला अन् म्हणाली, "हो. चुकलंच."

मग म्हणाली, "गजूचं बी चुकलं होतं."

मी म्हटलं, "तुले काय माहीत?"

"त्यानंच सांगितलं. माय गेल्याच्या दुसऱ्याच वर्षी पुसदले आला होता. माह्या सैपाकघरात बसून रडला. म्हणे, मी दादाले एकडाव बी थांब म्हटलं नाही, उलट खांदा दिला. मी म्हटलं, जाऊ दे. तो येऊन बोलला, दादा. तू नाही आला."

माझ्या अंगाची आग झाली. म्हणजे तू आपलं घरात, दार लावून निपटवून आला. अन् माझं गावासमोर, भर उन्हात काढलं. वर इतकी वर्षं मले सांगितलं नाही का तुले माफी भेटली आहे. मी तुले पळपुटा समजत राह्यलो, तुले शिव्या देत राह्यलो, अन् तू ऐकून घेत राह्यला. कायले रे? एक शब्द सांगितला असता तं मी बी गेलो असतो पुसदले. गेलो असतो का? मले नाही सांगता येत. पण विचार तं केला असता.

सुमीनं सूप खाली ठेवलं. म्हणाली, "बस."

मी बसलो.

ती म्हणाली, "तेव्हा मी गजूले विचारलं होतं, मायचा चेहरा कसा होता रे शेवटी? त्यानं लय चांगलं सांगितलं. झोपल्यासारखी होती म्हणे. हासल्यासारखी होती. कपाळावर तेज होतं म्हणे. ते नाटकातलं होतं, दादा. मले तेव्हाच समजलं. पण त्याले कशाले दुखवू, म्हणून चूप राह्यली. तू सांग. तुले काही बनवता येत नाही. मायचा चेहरा कसा होता?"

मी सांगितलं. जसा होता तसा सांगितला. डोळे, तोंड, हनुवटीले बांधलेली चिंधी, कोणत्या कुशीवर होती, सकाळी पहिला हात कोणी लावला, सगळं. वेळ लागला. काही गोष्टी चांगल्या नव्हत्या, त्या बी सांगितल्या. सुमी रडली नाही, नुसती ऐकत राह्यली. झाल्यावर पुन्हा पहिल्यापासून सांगाले लावलं. मी पुन्हा सांगितलं.

काय सांगितलं ते इथं लिहीत नाही. तुले बी कधी सांगितलं नव्हतं, गजू. तू त्या घरातच होता, पण मायकडं तू पाह्यलंच नव्हतं, हे मले माहीत होतं. तू माझ्यापाशी आला असता, तं सांगितलं असतं. पण तू ते लिहून काढलं असतं. ते लिहाचं नाही. ते सुमीचं आहे.